बर्फ न पाहिलेल्या मुलांचे प्रश्न : मिकाएला शिफ्रिन आणि तिचा खेळ

मालवण तालुक्यातल्या एका समुद्राकाठच्या शाळेत मी खेळ शिकवते. एका शनिवारी पाऊस पडून मैदान चिखलाचं झालं होतं, म्हणून सातवीतल्या मुलांना वर्गात बसवून स्कीच्या एका शर्यतीची चित्रफीत दाखवली. तेव्हापासून प्रश्न थांबलेले नाहीत. आधी मुलं विचारायची, मग त्यांचे आईवडील विचारू लागले. आता बाजारात मासे घेतानाही कोणीतरी विचारतंच, "बाई, ती तुमची बर्फातली पोरगी जिंकली काय?" तीच तीच उत्तरं तोंडी देण्यापेक्षा एकदा नीट लिहून काढावीत, म्हणून हे पान. यातले आकडे मार्च २०२५ मध्ये संपलेल्या मोसमापर्यंतचे आहेत.

ही मिकाएला शिफ्रिन कोण?

अमेरिकेची अल्पाइन, म्हणजे डोंगरउतारावरून शर्यत लावायच्या स्कीची, खेळाडू. जन्म १३ मार्च १९९५, कोलोरॅडो राज्यातल्या व्हेल या डोंगरातल्या गावी. विश्वचषक मालिकेत तिचे १०१ विजय आहेत. पुरुष धरा, बायका धरा, या खेळात शंभरी गाठणारं दुसरं कोणीही नाही. ऑलिंपिकमध्ये दोन सुवर्ण आणि एक रौप्य. जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत १५ पदकं, त्यांपैकी आठ सुवर्ण.

विश्वचषक तर चार वर्षांनी असतो. मग १०१ वेळा कसा जिंकला?

क्रिकेटमुळे हा घोळ होतो. स्कीचा विश्वचषक ही दर हिवाळ्यात चालणारी मालिका आहे. ऑक्टोबरच्या अखेरीपासून मार्चपर्यंत, आठवड्याला एक डोंगर, एक गाव. आज ऑस्ट्रिया, पुढच्या शनिवारी फिनलंड, मग अमेरिका. प्रत्येक शर्यतीत पहिल्याला १०० गुण, दुसऱ्याला ८०, तिसऱ्याला ६०, असं करत तिसाव्यापर्यंत गुण मिळतात. मोसमाच्या शेवटी ज्याची बेरीज जास्त, त्याला स्फटिकाचा मोठा गोल मिळतो. प्रत्येक प्रकाराचा वेगळा छोटा गोलही असतो. मिकाएलाने मोठा गोल पाच वेळा उचलला आहे : २०१७, २०१८, २०१९, २०२२ आणि २०२३. १०१ हा आकडा एकेका शर्यतीच्या विजयाचा.

आमच्याकडे बर्फ म्हणजे मासे ठेवायचा. आम्ही हे का बघायचं?

हा प्रश्न एका पालकांनी जरा घुश्श्यातच विचारला होता. त्यांचं म्हणणं असं, की पोरांना कबड्डी दाखवा, धावणं दाखवा, हे कशाला? कबड्डी आणि धावणं मी दाखवतेच. पण उतारावर तोल सांभाळणं आपल्या मुलांना परकं नाही. हलत्या होडीत उभं राहून जाळं ओढणारा पोरगा आणि घागर घेऊन घाटी उतरणारी पोरगी, दोघांच्याही गुडघ्यांत आणि घोट्यांत ते शहाणपण असतं. त्यांनी ही शर्यत पाहिली, की पंधरा मिनिटांत त्यांना दिसायला लागतं की वजन कुठल्या पायावर आहे. हे मी वर्गात प्रत्यक्ष पाहिलं आहे.

दुसरं कारण मिकाएला स्वतः. तालीम कशी करावी, आणि हरल्यावर काय करावं, याबद्दल मला तिच्याइतकं शिकवणारा दुसरा खेळाडू भेटलेला नाही.

या खेळात किती प्रकार असतात?

मुख्य चार. स्लॅलममध्ये उतारावर काठ्या रोवलेल्या असतात, अगदी जवळजवळ, आणि त्यांच्यामधून नागमोडी जायचं असतं. जायंट स्लॅलममध्ये हे अंतर वाढतं, वळणं मोठी होतात, वेगही वाढतो. सुपर-जी त्याहून वेगवान. डाउनहिल सगळ्यांत वेगवान. तिथे ताशी १२० किलोमीटरच्या पुढे जातात. आपल्या हायवेवर ट्रक ज्या वेगाने गेला तर आपण पोरांना मागे ओढतो, त्याच्याहून जास्त, आणि अंगावर एक घट्ट पातळ पोशाख आणि डोक्यावर हेल्मेट.

स्लॅलम आणि जायंट स्लॅलमच्या दोन फेऱ्या असतात आणि दोन्हींच्या वेळेची बेरीज होते. पहिल्या फेरीतले तीसजणच दुसरीत जातात, तेही उलट्या क्रमाने : तिसावा सगळ्यांत आधी उतरतो आणि पहिला सगळ्यांत शेवटी. म्हणजे पहिल्या फेरीत आघाडीवर असलेलीला वरती उभं राहून बाकी सगळ्यांच्या वेळा ऐकाव्या लागतात. वेळ सेकंदाच्या शंभराव्या भागापर्यंत मोजतात. पापणी लवायच्या आत दोन-तीन नंबर इकडचे तिकडे होतात.

मिकाएलाचं माहेर म्हणजे स्लॅलम. पण ती चारही प्रकारांत विश्वचषकाच्या शर्यती जिंकली आहे. स्लॅलमवाली आणि डाउनहिलवाली यांची शरीरं वेगळी, स्वभाव वेगळा, स्की वेगळ्या. गोलंदाजाने सलामीला जाऊन शतक ठोकावं, तसं हे आहे.

"बाई, ह्यो बर्फ आसा काय काच?"

पाचवीतल्या एका मुलाचा प्रश्न, आणि त्याची नजर अचूक. शर्यतीचा उतार भुसभुशीत बर्फाचा नसतोच. तसा असता तर पहिल्या चार-पाच जणी गेल्यावर चर पडले असते आणि मागून येणाऱ्यांवर अन्याय झाला असता. म्हणून आधी त्या बर्फात पाणी मुरवतात आणि गोठू देतात. खाली जवळजवळ काचच तयार होते. श्रावणात शेवाळ धरलेला कातळ आठवा. त्याहून घसरडं, आणि उभ्या चढणीइतका उतार.

मग ती पडत कशी नाही?

पडते. त्याबद्दल पुढे लिहिलं आहेच. आधी ती उभी कशी राहते ते सांगते, कारण हे मला स्वतःच्या अंगावर कळलं.

पंचविशीत असताना मी गुलमर्गला स्की शिकायला गेले होते. पहिल्या दिवशी बूट चढवले तेव्हाच वाटलं, पाय प्लास्टरमध्ये घातले आहेत. घोटा हलतच नाही. नडगी बुटाच्या पुढच्या भागावर रेलते आणि तिथेच रेललेली ठेवायची असते. मी कोकणातली. घसरडी घाटी उतरताना आपण अंग मागे टाकतो, हाताने काहीतरी धरतो. तिथेही मी तेच केलं आणि दर वेळी पाठीवर आपटले. शिकवणारे काश्मिरी उस्ताद दिवसभर एकच वाक्य सांगत होते : पुढे झुका, दरीकडे झुका. ज्या दिशेची भीती वाटते त्याच दिशेला छाती न्यायची. तीन दिवस माझं मन ऐकायला तयार नव्हतं. चौथ्या दिवशी दुपारी एका वळणावर नडगी बुटाला नीट टेकली, बाहेरच्या पायावर वजन आलं आणि स्कीची कड बर्फात रुतली. पायाखालून कापड फाडल्यासारखा बारीक आवाज आला. तो आवाज मी अजून विसरलेले नाही.

त्या आवाजातच सगळं गुपित आहे. स्की मध्ये अरुंद असते आणि दोन्ही टोकांना रुंद. ती कडेवर कलती केली आणि तिच्यावर वजन टाकलं की धनुष्यासारखी वाकते, आणि वाकलेल्या रेषेतून आपोआप वळण घेते. घसरत घसरत वळलं की वेग मरतो. कडेवर कापत वळलं की वेग टिकतो. मिकाएलाची स्लॅलम बघताना तिचे खांदे बघा. खाली पाय घड्याळाच्या लंबकासारखे इकडून तिकडे जातात आणि वर खांदे दरीकडे तोंड करून शांत असतात. डोक्यावर घागर ठेवलेली बाई चालते तशी. स्लॅलमच्या काठ्यांना बुडाशी लवचीक सांधा असतो, म्हणून त्या हाताने नि नडगीने आडव्या पाडत जाता येतं; मुलांना वाटतं ती काठीवर आपटली, पण सगळ्यांत जवळची वाट तीच असते. नियम एवढाच, की दोन्ही पाय काठीच्या योग्य बाजूने गेले पाहिजेत. एक जरी स्की चुकीच्या बाजूने गेली, तर शर्यत संपली.

सुरुवात कधी केली? लहानपणी सगळ्या स्पर्धा जिंकायची का?

दोन-तीन वर्षांची असल्यापासून स्कीवर उभी आहे. वडील जेफ भूलतज्ज्ञ डॉक्टर, आई आयलीन परिचारिका. दोघंही तरुणपणी स्कीच्या शर्यती खेळलेली. थोरला भाऊ टेलर. मिकाएला आठ वर्षांची असताना कुटुंब देशाच्या दुसऱ्या टोकाला, न्यू हॅम्पशायरला, राहायला गेलं. पुढे ती व्हर्माँटमधल्या बर्क माउंटन अकॅडमी या शाळेत गेली. तिथे अभ्यास आणि स्की दोन्ही शिकवतात.

आता दुसरा प्रश्न. माझ्या मते या पानावरचं सगळ्यांत महत्त्वाचं उत्तर हेच आहे. तिच्या आईवडिलांनी तिला तिच्या वयाच्या इतर मुलांच्या मानाने कमी स्पर्धांना नेलं. त्यांचा हिशेब साधा होता. स्पर्धेच्या दिवशी मूल दोनदा डोंगर उतरतं, प्रत्येक वेळी जेमतेम एक मिनिट. बाकी दिवस प्रवासात, रांगेत, थंडीत वाट बघण्यात जातो. त्याच दिवशी घरच्या डोंगरावर तालीम केली तर तेच मूल कितीतरी जास्त वेळा उतरतं, आणि प्रत्येक वेळी चूक सुधारायची संधी मिळते. म्हणून ती सराव करत राहिली. तोल सुधारावा म्हणून एकचाकी सायकल शिकली. इतर मुलं चषक गोळा करत होती, ही वळणं गोळा करत होती.

हे वाचलं तेव्हा मला माझी एक विद्यार्थिनी आठवली. आठवीतली, पायात जोर असलेली, आठशे मीटर धावणारी. एका महिन्यात तिला चार स्पर्धांना नेलं. नेणाऱ्यांत मीही होते. पहाटे टेम्पोत बसायचं, मैदानावर चार तास उन्हात थांबायचं, तीन मिनिटं धावायचं, प्रमाणपत्र घ्यायचं, रात्री परत यायचं. महिन्याअखेरीस हिशेब केला तर ती धावली होती पाऊण तासाहून कमी. पावसाळ्यानंतर तिची वेळ सुधारायला हवी होती, उलट ती वाढली. तेव्हापासून मी वर्षाला तीनच स्पर्धा निवडते. काही पालक नाराज आहेत, शाळेच्या फलकावर प्रमाणपत्रं कमी दिसतात म्हणतात. पण आता मैदानावर पोरं खरोखर पळतात.

पहिली मोठी झेप कधी?

मार्च २०११ मध्ये, सोळावा वाढदिवस दोन दिवसांवर असताना, चेक प्रजासत्ताकातल्या श्पिंडलरूव म्लिन इथे ती विश्वचषकाची पहिली शर्यत खेळली. २० डिसेंबर २०१२ रोजी स्वीडनमधल्या ओरे इथे पहिला विजय. दोन महिन्यांनी ऑस्ट्रियातल्या श्लाडमिंगला जागतिक अजिंक्यपदाचं स्लॅलमचं सुवर्ण. तेव्हा ती सतरा वर्षांची होती, म्हणजे आपल्याकडची बारावी.

मग २०१४ चं सोची ऑलिंपिक. पहिल्या फेरीत ती पुढे होती. दुसऱ्या फेरीत निम्म्या उतारावर तिची एक स्की बर्फावरून उचलली गेली, अंग मागे फेकलं गेलं, आणि ती जवळजवळ बसलीच. ती चित्रफीत मी मुलांना थांबवून थांबवून दाखवते. त्या एका क्षणी ती दोनपैकी एक करू शकत होती : तोल मिळवण्यासाठी वेग कमी करणं, किंवा पुन्हा दरीकडे झुकणं. ती झुकली. ०.५३ सेकंदाच्या फरकाने सुवर्ण जिंकलं. तेव्हा ती अठरा वर्षांची होती. ऑलिंपिकमध्ये स्लॅलम जिंकणारी सगळ्यांत लहान खेळाडू. वर्गातल्या एका मुलीने चित्र तीनदा मागे न्यायला लावलं आणि म्हणाली, "हुकलाच हुता, बाई." खरंच हुकलंच होतं.

८६ या आकड्याचं एवढं काय होतं?

स्वीडनचा इंगेमार स्टेनमार्क हा या खेळातला मोठा माणूस. उत्तरेकडच्या टारनाबी या चिमुकल्या गावातला, अगदी मितभाषी. १९७४ ते १९८९ या काळात त्याने ८६ शर्यती जिंकल्या, सगळ्या स्लॅलम आणि जायंट स्लॅलमच्या. बायकांमध्ये अमेरिकेची लिंडसे व्हॉन २०१९ मध्ये निवृत्त झाली तेव्हा ८२ वर होती. ८६ कोणी मोडेल असं फारसं कोणाला वाटत नव्हतं.

मिकाएलाने एकट्या २०१८–१९ च्या मोसमात १७ शर्यती जिंकल्या. त्याआधीचा एका मोसमाचा विक्रम स्वित्झर्लंडच्या व्रेनी श्नायडरचा होता, १४ चा. १० मार्च २०२३ रोजी तिने ८६ गाठले आणि दुसऱ्याच दिवशी ८७. दोन्ही विजय ओरेला, स्टेनमार्कच्या देशात, आणि तिथेच जिथे ती सतरा वर्षांची असताना पहिल्यांदा जिंकली होती.

"तिका भिया वाटणा नाय?"

वाटतं. फार वाटतं, आणि ती ते लपवत नाही. म्हणून मला ती आवडते.

एक काळ असा होता की शर्यतीआधी तिला उलट्या व्हायच्या. २०१८ च्या प्योंगचांग ऑलिंपिकमध्ये जायंट स्लॅलमचं सुवर्ण जिंकल्याच्या दुसऱ्याच दिवशी स्लॅलम होती, तिचा हुकमी प्रकार. वर जाऊन ती ओकली आणि चौथी आली. यावर तिने मानसतज्ज्ञांची मदत घेतली, आणि घेतली हे उघड सांगितलं. आपल्याकडे परीक्षेच्या सकाळी ओकणारी मुलं काय कमी आहेत? त्यांना आपण "भित्रं आहे" म्हणतो. जगातली पहिल्या नंबरची खेळाडू तशीच असते, एवढं त्यांना कळलं तरी त्यांच्या पोटातला गोळा थोडा हलका होतो. माझ्या वर्गातला एक मुलगा हे ऐकून नुसता "हो?" म्हणाला आणि बराच वेळ गप्प बसला.

मोठी भीती आली ती नंतर. ३० नोव्हेंबर २०२४, अमेरिकेतलं किलिंग्टन. तिचे ९९ विजय झाले होते. घरच्या प्रेक्षकांसमोर, जायंट स्लॅलमच्या पहिल्या फेरीत आघाडीवर. दुसऱ्या फेरीत शेवटची रेषा दिसत असताना ती पडली आणि जाळ्यात जाऊन आदळली. पोटाच्या बाजूला काहीतरी भोसकलं गेल्यासारखी खोल जखम झाली, स्नायू फाटले, नंतर शस्त्रक्रिया करावी लागली. दोन महिन्यांनी, ३० जानेवारी २०२५ ला, ती फ्रान्समधल्या कूर्शव्हेलच्या स्लॅलममध्ये परतली आणि दहावी आली. जखम भरली होती, पण जायंट स्लॅलमचा वेग आला की मन आखडायचं. त्या फेब्रुवारीत झालबाख इथल्या जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत तिने जायंट स्लॅलममधून नाव मागे घेतलं. आधीच्या खेपेला, २०२३ मध्ये, या प्रकाराचं सुवर्ण तिचंच होतं. अपघाताच्या मानसिक धक्क्यातून अजून बाहेर आले नाही, असं तिने मोकळेपणाने सांगितलं. त्याच स्पर्धेत ब्रीझी जॉन्सनबरोबर जोडीच्या शर्यतीत ती सुवर्ण जिंकली : ब्रीझीने डाउनहिल केली, हिने स्लॅलम. आणि २३ फेब्रुवारी २०२५ रोजी इटलीतल्या सेस्त्रिएरे इथे शंभरावा विजय.

समुद्रावर एकदा होडी उलटून वाचलेला माणूस पुन्हा होडीत बसतो तेव्हा काय होतं, हे आमच्या गावात वेगळं सांगावं लागत नाही. पहिले काही दिवस तो खाडीतच राहतो. त्याला कोणी हसत नाही.

बीजिंगला नेमकं काय झालं?

२०२२ चं हिवाळी ऑलिंपिक. सगळे म्हणत होते, ही किती पदकं आणणार? जायंट स्लॅलममध्ये काही सेकंदांतच ती बाहेर गेली. दोन दिवसांनी स्लॅलममध्ये पुन्हा तेच. त्यानंतर ती उताराच्या कडेला बर्फात बसून राहिली, गुडघ्यांवर डोकं टेकवून, कितीतरी वेळ. सुपर-जीत नववी, डाउनहिलमध्ये अठरावी, कंबाइंड (एक डाउनहिल आणि एक स्लॅलम मिळून होणाऱ्या) शर्यतीच्या स्लॅलमच्या भागात पुन्हा बाहेर. सांघिक शर्यतीत अमेरिका चौथी. एकही पदक नाही. लोकांनी तिला समाजमाध्यमांवर नको नको ते लिहिलं.

महिन्याभरात तिने त्या मोसमाचा मोठा गोल जिंकला, तिच्या कारकिर्दीतला चौथा. बीजिंगबद्दल विचारणाऱ्यांना मी हे नेहमी सांगते, कारण बर्फात बसलेल्या त्या छायाचित्राची आठवण सगळ्यांना आहे, पुढच्या मार्चची नाही.

तिचे वडील वारले का?

हो. २ फेब्रुवारी २०२०, घरी झालेल्या अपघातानंतर. ती युरोपात होती, मोसम ऐन भरात होता. सगळं सोडून घरी गेली. मार्चमध्ये परत खेळायला म्हणून ओरेला पोचली, तर करोनामुळे शर्यतीच रद्द झाल्या. पुढचा विजय मिळायला डिसेंबर उजाडला, कूर्शव्हेलची जायंट स्लॅलम. खाली पोचल्यावर ती रडत होती. जेफ हे लेकीच्या शर्यतींचे फोटो काढत उताराच्या कडेला उभे असायचे. ८७ विजय झाले ते सगळं त्यांनी पाहायला हवं होतं, असं मला फार वाटतं.

आई तिची प्रशिक्षक आहे हे खरं?

खरं. आयलीन अनेक वर्षं तिच्याबरोबर मालिकेत फिरल्या, चित्रफिती पाहून चुका दाखवत. आईच शिकवणारी असली की घरात कुरबुरी होतातच, आणि दोघींनी तेही मान्य केलं आहे.

भारतातून कोणी हा खेळ खेळतं का? आम्हाला कुठे शिकता येईल?

काश्मीरच्या टंगमर्ग भागातला आरिफ खान बीजिंगला भारताचा एकमेव खेळाडू होता. ध्वज त्यानेच धरला. जायंट स्लॅलममध्ये तो ४५ वा आला. हिमाचलमधल्या मनालीजवळची आंचल ठाकूर हिने २०१८ मध्ये तुर्कस्तानातल्या एका आंतरराष्ट्रीय स्पर्धेत कांस्य जिंकलं.

शिकायचं असेल तर गुलमर्गला केंद्र सरकारच्या पर्यटन खात्याची संस्था आहे, मनालीला गिर्यारोहणाची सरकारी संस्था सोलंगच्या उतारांवर शिकवते, आणि उत्तराखंडात औली आहे. सामान तिथेच भाड्याने मिळतं. इथून फक्त लोकरी कपडे न्या आणि गुडघे घडवून न्या. गुडघ्यांसाठी आमच्या शाळेत रोज दहा मिनिटं चालणारी गोष्ट सांगते : नारळाचं एक लांब सोट ओंडकं वाळूत अर्धं पुरून ठेवलं आहे. त्यावर गुडघे वाकवून, हात पुढे धरून, डोळे समुद्रावर ठेवून उभं राहायचं, आणि दोघांनी दोन बाजूंनी चेंडू फेकायचे. सुरुवातीला मुलं पाच मोजेपर्यंत पडतात. दोन महिन्यांत शंभरपर्यंत जातात.

ती जिंकलेला रेनडिअर घरी नेते का?

पहिलीच्या वर्गातून आलेला हा एकमेव प्रश्न, पण विचारणारा फार काळजीत होता. फिनलंडमधल्या लेव्ही इथे एक शर्यत असते. जिंकणाऱ्याला खराखुरा रेनडिअर देतात. मिकाएला तिथे बऱ्याच वेळा जिंकली आहे आणि प्रत्येकाचं नाव ठेवते. एकाचं नाव रुडॉल्फ, एकाचं स्वेन, आणि एकाचं इंगेमार, स्टेनमार्कवरून. जनावरं तिथल्याच गोठ्यावर, आपल्या कळपात राहतात. त्यांना विमानात बसवत नाहीत.

शर्यती आपल्याकडे किती वाजता दिसतात?

युरोपातली पहिली फेरी बहुधा तिथल्या सकाळी दहाच्या सुमारास सुरू होते, म्हणजे आपल्याकडे दुपारी अडीच. दुसरी फेरी तिथे एकला, आपल्याकडे संध्याकाळी साडेपाच. जानेवारीत ऑस्ट्रियातल्या फ्लाखाऊला दिव्यांच्या उजेडात रात्रीची स्लॅलम असते, ती पाहायला जागावं लागतं. आम्ही शनिवार-रविवारची दुसरी फेरी धरतो. माझ्या घराच्या ओट्यावर भिंतीला टेकून फोन ठेवते, मुलं चटया आणतात. आघाडीवरची वरती सुरुवातीच्या दाराशी उभी राहून हातातल्या काठ्या बर्फात रोवते, तेव्हा इथे सूर्य बुडायला आलेला असतो आणि मागे रापणीची माणसं किनाऱ्यावर दोर ओढत असतात. मग कोणीतरी म्हणतं, "गप ऱ्हवा, ती सुटतली आता."